अधिकाचा सेकंद

हिंजवडीच्या ऑफिसात आमच्या डेस्कमागच्या फळ्यावर कुणीतरी मार्करने पाटी रंगवून ठेवली होती: 'कालरक्षक मंडळ. आमची कोठेही शाखा नाही. दुपारी १ ते ४ काळ बंद राहील.' एचआरने पुसायला लावली की दुसऱ्या दिवशी ती परत यायची.

मंडळ म्हणजे आम्ही तिघंचौघं. गच्चीवर जीपीएसचा अँटेना, त्याच्याखाली टाइम सर्व्हर, आणि त्यांच्याकडून वेळ घेणारी शेकडो मशिनं. त्या सगळ्यांचं वेळेबाबत एकमत ठेवायचं, एवढंच आमचं काम. ऐकायला फुटकळ वाटतं. पण दोन सर्व्हरच्या घड्याळांत फरक पडला, की पैसे जमा व्हायच्या आधीच खर्च झाल्याच्या नोंदी दिसू लागतात आणि मग सगळे आम्हाला शोधत येतात.

ही गोष्ट २०१२ ची. ३० जूनची रात्र, आषाढी एकादशी. अण्णा, म्हणजे आमचे सीनियर, कडक उपवासाचे. डब्यात राजगिऱ्याचे लाडू, आणि कॅन्टीनची साबुदाण्याची खिचडी कशी गिच्च झालीये यावर सविस्तर टिप्पणी. पहाटे लीप सेकंद येणार हे सहा महिने आधीपासून माहीत होतं. पॅरिसहून तशी सूचना निघते. अणुघड्याळं एका लयीत चालतात, पृथ्वी मात्र स्वतःभोवती फिरताना थोडी रेंगाळते. दोघांत फार अंतर पडू नये म्हणून १९७२ पासून अधूनमधून एक सेकंद जास्तीचा घालतात. हा पंचविसावा. जगभर तो एकाच क्षणी येतो. लंडनच्या घड्याळात तेव्हा रात्रीचा १ वाजायला आलेला असणार होता, आणि आपल्याकडे पहाटेचे साडेपाच.

"यात एवढं जागरण करण्यासारखं काय आहे?" मी विचारलं.

"काहीच नाही," अण्णा म्हणाले. "यंदा भाद्रपद अधिक आलाय. अख्खा महिना घुसवतात पंचांगवाले, कुणाचा सर्व्हर पडलाय का? आणि टिळक पंचांगवाल्यांकडे एखाद्या वर्षी गणपती महिनाभर आधी बसतो, तरी पुणं चाललंय ना? सेकंदाचं काय घेऊन बसलीस!"

५ वाजून २९ मिनिटांनी सगळे स्क्रीनला डोळे लावून बसलो. लॉगमध्ये ओळ उमटली, की २३:५९:६० चा सेकंद घातला (लॉग जागतिक प्रमाणवेळेत, आपल्या साडेपाच तास मागे). मशिनं ज्यावर चालतात त्या लिनक्स या ऑपरेटिंग सिस्टीमने काय केलं, तर घड्याळ एक सेकंद मागे घेतलं आणि तोच सेकंद पुन्हा मोजला. आमच्या ज्युनियर पोराने टाळ्यासुद्धा वाजवल्या.

टाळ्या थांबायच्या आत पलीकडच्या सर्व्हर रूममधून आवाज वाढला. पंखे एकेक करून जोरात फिरायला लागले. मी आत गेले तर रॅकच्या मागच्या बाजूला तोंडावर गरम हवेचा झोत. बाहेर येऊन बघते तो स्क्रीनवर जावा भाषेतल्या प्रोग्रामच्या प्रोसेस प्रोसेसरच्या १०० टक्क्यांवर, आणि मशिनमागून मशिन तसंच. कामाचा बोजा म्हणाल तर रविवारच्या पहाटेचा, म्हणजे जवळजवळ नाहीच. काही काम नसताना ही यंत्रं नुसती धावत होती.

प्रोसेस बंद करून परत चालू केल्या. ढिम्म फरक नाही. लंडनहून क्लायंटचा फोन आला, "तुमच्याकडे काही चाललंय का?" ज्युनियर म्हणाला, "एकेक मशिन रीबूट करत सुटू या." डेटाबेस चालू असताना? अण्णांनी नुसतं त्याच्याकडे पाहिलं.

गंमत अशी होती की घड्याळ अगदी बरोबर होतं. बिघडलं होतं ते कर्नलच्या, म्हणजे लिनक्सच्या गाभ्याच्या, आतलं टायमरचं खातं. वेळ एक सेकंद मागे गेल्याचं त्याला कुणी सांगितलंच नव्हतं, त्यामुळे ते एक सेकंद पुढच्या जगात राहत होतं. एखाद्या प्रोग्रामने म्हणावं, 'मला पाव सेकंदाने उठव.' खातं म्हणणार, 'तो तर कधीच होऊन गेला, ऊठ.' तो उठणार, काम नाही म्हणून परत झोपणार, की पुन्हा 'ऊठ'. हे सेकंदाला हजारो वेळा.

इलाज बाहेरूनच कळला, कारण आमच्यासारखे जगभर रडत होते. ऑस्ट्रेलियात क्वांटासचं चेक-इन रखडलं होतं. हेट्झनर या जर्मन होस्टिंग कंपनीने तर नंतर सांगितलं, की त्या रात्री त्यांचा वीजवापर साधारण १ मेगावॉटने वाढला. इलाज एका ओळीचा निघाला: एनटीपी, म्हणजे टाइम सर्व्हरशी घड्याळ जुळवत राहणारी सेवा, थांबवायची, आणि मशिनला तिच्याच घड्याळात जी वेळ आहे तीच पुन्हा लावायला सांगायची. मला आधी थट्टाच वाटली. पहिल्या मशिनवर कमांड मारली आणि १०० वरचा आकडा एका झटक्यात २ वर आला. वेळ लावली की कर्नल आतल्या टायमरनाही कळवतो, तेवढंच राहिलं होतं. मग स्क्रिप्ट लिहून सगळीकडे फिरवली.

द्वादशीचं पारणं अण्णांनी वडापाववर केलं. तो खातानाच म्हणाले, "पुण्याचा सूर्य घड्याळाच्या पस्तीसेक मिनिटं मागे आहे. घड्याळ चालतं मिर्झापूरजवळच्या साडेब्याऐंशी अंशावर, आपण बसतो चौऱ्याहत्तरच्या अलीकडे. १९०६ पासून हे चाललंय, आणि यांना एक सेकंद सोसवत नाही."

सोमवारी क्लायंटचा फॉर्म आला. 'मूळ कारण' या रकान्यात अण्णांनी लिहिलं, 'पृथ्वी'. 'पुन्हा घडू नये म्हणून उपाययोजना' हा रकाना रिकामा ठेवला, तर सिस्टीम फॉर्म स्वीकारेना. शेवटी मॅनेजरने दोन्ही रकाने स्वतः भरले. काय भरलं ते आम्हाला दाखवलं नाही.

पुढे आम्ही गूगलवाल्यांची युक्ती उचलली: जास्तीचा सेकंद एकदम घालायचाच नाही, कित्येक तासांवर पातळ करून पसरायचा, म्हणजे मशिनला पत्ताच लागत नाही. १ जानेवारी २०१७ च्या पहाटे सत्ताविसावा सेकंद आला तेव्हा पंख्यांचा आवाजसुद्धा बदलला नाही. त्यानंतर एकही आलेला नाही, आणि २०३५ पर्यंत ही प्रथाच मोडीत काढायचं २०२२ मध्ये ठरलंय.

त्या २०१७ च्या पहाटेनंतर मॅनेजरचा मेल आला होता, की काहीच होणार नव्हतं तर इतक्या माणसांना नाइट अलाउन्स कशाबद्दल द्यायचा. अण्णांनी एका ओळीत उत्तर पाठवलं: 'काहीच न होण्याबद्दल.' अलाउन्स मार्चमध्ये जमा झाला.