धूळ पण नाही

रात्रीचे पावणेबारा वाजलेत, सकाळी आठला कॉल आहे आणि मी हे टाईप करत बसलेय. कारण काय, तर दुपारी बाबा "एवढंच?" म्हणाले.

तसं बघायला गेलं तर काहीच झालेलं नाही. फोर्ट वर्थला स्टॉकयार्ड्सला, म्हणजे तिथल्या जुन्या गुरांच्या बाजाराला गेलो, साडेअकराचा कॅटल ड्राइव्ह (काऊबॉय गुरं हाकत नेतात त्याचा खेळ) बघितला, जेवलो, घरी आलो. कुणी पडलं नाही, भांडण नाही, चिन्मयला गाडीत उलटी झाली नाही. पण ते "एवढंच?" जे डोक्यात बसलंय ते जाईना.

कारण हा सगळा घाट घातलेला कुणासाठी? ते आल्यापासून रोज एकच रेकॉर्ड, हे कसलं टेक्सास, नुसते हायवे आणि कॉस्टको, घोडा दिसला नाही एक. बरोबरच आहे म्हणा, या माणसानं आयुष्यभर सडन वाचलंय, काऊबॉयच्या कादंबऱ्यांतला तो हिरो. थर्ड शिफ्टला डब्याच्या पिशवीत एक सडन असायचंच, लायब्ररीतलं, कव्हर सेलोटेपनं चिकटवलेलं, कधी शेवटची पानंच गायब, मग शेवट ते स्वतःच रचायचे आणि आम्हाला तोच खरा म्हणून सांगायचे. आमच्याकडे झोपताना शिवाजी महाराज आणि सडन आलटून पालटून असत. मरणाऱ्या माणसाला शब्द दिलाय म्हणून सडन दोन माणसांना शोधत गावोगाव फिरतोय, हे मला पहिलीत जायच्या आधीपासून माहीत होतं. खेळताना दादा सडन व्हायचा आणि मी घोडा. आता त्यावर काय बोलायचं.

तर ड्राइव्ह. विटांचा रस्ता, दोन्ही बाजूंना माणसं दाटीवाटीनं, सगळ्यांचे हात फोन धरून वर. मग पाच-सहा घोडेस्वार आणि त्यांच्या मधून पंधरा-वीस लाँगहॉर्न. शिंगं मात्र खरंच अचाट आहेत, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत दोन मीटर तर सहज असतील. शेजारच्याला लागू नयेत म्हणून ती जनावरं मान जरा तिरकी धरून, अंतर राखून चालतात, लोकलमधे मोठी बॅग घेतलेला माणूस चालतो तसं. एक तांबडा-पांढरा बरोब्बर आमच्यासमोर थांबला, जीभ बाहेर काढून आधी एका नाकपुडीत घातली, मग दुसऱ्या, आमच्याकडे बघितलं आणि पुढे गेला. चिन्मय खूष. पाच मिनिटांत सगळं आटोपलं, मागून एक जण फावडं घेऊन आला आणि रस्ता परत आईस्क्रीमवाल्यांचा झाला.

मी बाबांकडे बघितलं. म्हणजे खरं सांगायचं तर मी ड्राइव्ह बघतच नव्हते, मी बाबांनाच बघत होते.

"एवढंच?" म्हणाले. मग जरा वेळानं, "धूळ पण नाही." आणि सुमीत काहीतरी बोलायला गेला तर, "पोळ्याला आमच्या गावात बैल यापेक्षा जास्त उधळतात."

मी चिडले नाही. म्हणजे चिडले, पण बोलले नाही. शनिवारचं रिलीज दुसऱ्याच्या गळ्यात मारून आलेय, त्याचं मला आता महिनाभर ऐकावं लागणार, यांच्यासाठी हॅट घेतली ती यांनी डोक्यावर न घालता मांडीवर ठेवली (बॉक्समधली मिठाई धरतात तशी, दोन्ही हातांनी), उन्हात चक्कर येईल म्हणून छत्री, पाणी, गोळ्या, सगळं मी बघायचं, आणि त्यावर हे. संध्याकाळी दादाचा फोन आला, त्याला उत्साहानं सांगत होते की इकडे जनावरं फार मरतुकडी आहेत. ती अजिबात मरतुकडी नाहीत. आणि दादाकडे राहायला गेले होते तेव्हा मात्र... असो. तो विषय नको.

पण मग लागलं का एवढं? मला काही त्या लाँगहॉर्नांचा अभिमान नाही, मी काय पाळलेत? सहा वर्षं इथे राहून मी स्वतःही पहिल्यांदाच गेले होते. तरी असं वाटलं की माझंच काहीतरी बघून माणूस म्हणाला एवढंच. घर, नोकरी, मागचं अंगण, सगळंच. तसं ते म्हणाले नाहीत हे मला कळतं. पण रात्री पावणेबाराला कळणं वेगळं.

त्यात वाईट म्हणजे त्यांचं बरोबर आहे. खऱ्या ड्राइव्हमधे अडीच-तीन हजार जनावरं असायची आणि माणसं दहा-बारा. दिवसाला पंधरा-वीस किलोमीटर चालायचं, म्हणजे टेक्सासहून कॅन्ससला रेल्वेपर्यंत पोचायला दोन-तीन महिने, तेही पुरानं अडवलं नाही तर. पगार महिन्याला तीस-चाळीस डॉलर. पुढे अनुभवी माणसं आणि सगळ्यात मागे, ड्रॅगला, नवीन पोरं, कारण तीन हजार जनावरांनी उडवलेली धूळ दिवसभर त्यांनीच खायची. तोंडावरचा तो रुमाल स्टाइल म्हणून नसतो हो, श्वास घेता यावा म्हणून असतो. हे मला कुठून माहीत? बाबांकडूनच. कंपनीत नवीन साहेब आला आणि यांना सलग थर्ड शिफ्ट लावली तेव्हा घरी येऊन म्हणाले होते, मला ड्रॅगला टाकलंय. आमच्या घरात अजून तोच शब्द चालतो. लग्नकार्यात भांडी आवरायला मागे राहिलं की ड्रॅगला.

तर अशा माणसाला मी विटांच्या रस्त्यावर पंधरा-वीस जनावरं दाखवली आणि वर विचारलं, आवडलं?

तिथे बिल पिकेटचा पुतळा आहे. धावत्या घोड्यावरून उडी मारून बैलाची शिंगं धरून त्याला खाली पाडायचा खेळ ज्यानं रोडिओत, म्हणजे काऊबॉयांच्या खेळांच्या स्पर्धांत, आणला तो. हा पठ्ठ्या बैलाचा ओठ दातात धरायचा म्हणे! काळा माणूस. बाबा तिथे बराच वेळ उभे राहिले, पाटी सगळी वाचली, चष्मा वर करून परत वाचली. मी गुगल करून सांगितलं की त्या काळातले चारातला एक काऊबॉय काळा होता असा अंदाज आहे, शिवाय मेक्सिकन वेगळे, आणि लॅसो (फासाचा दोर), चॅप्स (पायांवरची चामडी), रोडिओ हे सगळं मुळात मेक्सिकन व्हाकेरोंचं, म्हणजे तिकडच्या गुराख्यांचं. बाबा म्हणाले, "पुस्तकात तर हे सगळे चोर नाहीतर स्वयंपाकी." एवढंच बोलले आणि चालायला लागले. मला, आता लिहायला हरकत नाही, थोडं बरं वाटलं. चला, नुसतं मीच नाही, सडननंही यांना फसवलंय.

आणि मग चक वॅगन. म्हणजे काऊबॉयांचा स्वयंपाकाचा छकडा, १८६६ मधे चार्ल्स गुडनाइटनं लष्कराच्या जुन्या गाडीला मागे कप्प्यांचं कपाट ठोकून बनवला ती कल्पना. कपाटाचं झाकण खाली पाडलं की ओटा तयार. एका ठिकाणी शोभेला ठेवली होती एक. बाबा तिच्याभोवती चालत फिरले, कप्पे उघडून बघितले (उघडू नका असं लिहिलं होतं), आणि मग पुढच्या दांडीपाशी जाऊन उभे. म्हणे उत्तर कुठे? फोनवर बघ. मी बघितलं. तर दांडी पार्किंगकडे होती. झालं, बिनसलंच एकदम. रात्री झोपायच्या आधी स्वयंपाक्यानं दांडी ध्रुवताऱ्याच्या दिशेनं करून ठेवायची असते, म्हणजे सकाळी ढग असले तरी कळप कुठे न्यायचा ते कळतं, आणि यांना एवढी साधी गोष्ट माहीत नाही! हे मोठ्यानं, मराठीत, तिथल्या टोपीवाल्या माणसाला. तो बिचारा हसून यस सर म्हणाला. सुमीत दुसरीकडेच बघत होता.

येताना गाडीत मी गप्प होते आणि माझ्याकडे एक हुकमी पान होतं. सडनचा लेखक ऑलिव्हर स्ट्रेंज हा इंग्रज, लंडनच्या प्रकाशनाच्या धंद्यातला माणूस. दुसरे यांचे लाडके जे. टी. एडसन, ज्यांची शंभरावर वेस्टर्न आहेत, ते डर्बीशायरचे, आधी सैन्यात कुत्र्यांना शिकवायचे आणि नंतर पोस्टमन. कसला रँच आणि कसलं काय. तीन-चार एक्झिट मी ते पान हातात धरून बसले आणि मग टाकलंच. बाबा, तुमच्या सडनचा लेखक इंग्लंडात बसून लिहायचा, माहितीये का.

"माहितीये की," बाबा म्हणाले. "मी तरी पिंपरीत बसूनच वाचायचो."

यावर बोलायला काही राहत नाही. हसू आलं मला, आणि हसू आल्याचा रागही आला.

मग जेवणं झाल्यावर मी शोधत बसले, की खऱ्या काऊबॉयनं लिहिलेलं काही असेल ना. आहे. अँडी अ‍ॅडम्स नावाच्या माणसाचं, १९०३ चं, कॉपीराइट संपलेलं त्यामुळे फुकट. हा स्वतः गुरं हाकलेला, आणि काऊबॉयबद्दल चाललेल्या थापांना वैतागून लिहायला बसला. कादंबरीच आहे पण बंदुका फार कमी. १८८२ मधे तीन हजारांवर जनावरं मेक्सिकोच्या सीमेवरून थेट माँटानापर्यंत न्यायची, बस, एवढीच गोष्ट. मी मधली पानं चाळली. एके ठिकाणी सलग तीन दिवस पाणी नाही, तर सगळा कळप उलटा फिरतो, परत मागच्या पाण्याकडे. माणसं आडवी येतात, दोर मारतात, अगदी तोंडासमोर पिस्तुलं झाडतात, पण जनावरं थांबत नाहीत, माणसांच्या अंगावरून चालत जातात. आणि मग त्यांच्या लक्षात येतं की गुरांना दिसतच नाहीये. तहानेनं आंधळी झालीत. हे मी तीनदा वाचलं. दुसरीकडे चिखलात रुतलेली जनावरं काढायची तर एकेक पाय हातानं खणून मोकळा करायचा आणि अंगाशी बांधून टाकायचा, नाहीतर तो परत रुततो. शेवटी कळप पोचवून झाल्यावर पाच महिने ज्यांच्यावर बसले ते घोडेही तिथेच देऊन टाकतात आणि हीच माणसं रडकुंडीला येतात.

गुरांचं पुढे काय झालं ते कोणी लिहीत नाही. स्टॉकयार्ड्सलाही विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून दोन मोठे कत्तलखाने होते, आज जिथे आम्ही टाको खाल्ले त्याच्या आसपासच. ते मी बाबांना सांगितलं नाही.

असं एकूण हे काऊबॉय प्रकरण चाललं किती, तर जेमतेम वीस वर्षं. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपल्यावर सुरू, १८७४ मधे ग्लिडनच्या काटेरी तारेचं पेटंट, मग जिकडे तिकडे कुंपणं, आणि १८८६-८७ च्या हिवाळ्यात उत्तरेकडे लाखो जनावरं थंडीनं मेली. संपलं. बाबांची नोकरी याहून जास्त वर्षं चालली.

टॅबवर फाँट मोठा करून दिलं त्यांना ते पुस्तक. दहाला बघितलं तर वाचत होते, अकराला बघितलं तर वाचत होते. मगाशी पाणी प्यायला उठले तेव्हा म्हणाले, "अगं यात अजून एकही खून झाला नाही."

मग बंद करा, झोपा.

नाही म्हणे, नदी आलीये मधे. आणि टॅबनं डोळे दुखतात, प्रिंट काढून मिळेल का. जवळजवळ चारशे पानं आहेत. कार्ट्रिज संपलंय, उद्या कॉल झाला की आणायला लागेल.