आरोपी क्रमांक तीन

जॉन पंचच्या शिक्षेचा हुकूम आज पुन्हा वाचला. जेमतेम काही ओळींचा मजकूर. ९ जुलै १६४०, अमेरिकेतली इंग्रजांची व्हर्जिनिया वसाहत. कोर्ट म्हणजे गव्हर्नर आणि त्याचं मंडळ. ह्यू ग्विन नावाच्या मालकाचे तीन नोकर पळून शेजारच्या मेरीलँड वसाहतीत गेले, तिथून पकडून आणले. व्हिक्टर डच, जेम्स ग्रेगरी स्कॉटिश आणि तिसरा काळा, जॉन पंच.

तिघांचा गुन्हा एकच. फटकेही प्रत्येकी तीस. पण पुढे फाटे फुटतात. पहिल्या दोघांना कराराची मुदत संपल्यावर मालकाकडे एक वर्ष जादा आणि मग वसाहतीची तीन वर्षं चाकरी. पंचला मात्र मरेपर्यंत, 'इथे किंवा अन्यत्र'. मालक नेईल तिथे हुकूम त्याच्या मागे.

कोर्टात कारकुनी करते म्हणून असेल, माझी नजर आधी कारण शोधते. सहआरोपींना वेगवेगळी शिक्षा द्यायची तर दोन ओळी खरडाव्या लागतात, निदान 'पूर्वीचे वर्तन पाहता' एवढं तरी. इथे काही नाही. नावाआधी तो निग्रो असल्याचं लिहिलंय, संपलं. कलम दाखवायचा प्रश्नच नव्हता. माणसाला जन्मभर गुलाम ठेवा असं सांगणारा कायदा तोवर व्हर्जिनियात झालाच नव्हता. कलमं मागून आली.

आणि काय आली! १६६९ चा कायदा म्हणतो, विरोध करणारा गुलाम मालकाच्या माराने मेला तर तो गुन्हा धरू नये, कारण स्वतःची मालमत्ता कोणी मुद्दाम नष्ट करेल असं मानता येत नाही. आमच्याकडे हेतू सिद्ध करताना सरकारी वकिलांना घाम फुटतो. तिथे हेतू नव्हता हे आधीच ठरलेलं. १६९२ पासून गुलामांवर चालणाऱ्या मोठ्या गुन्ह्यांच्या खटल्यांना ज्यूरीही नाही.

१७०५ च्या कायद्याने तर हद्द केली. गुलामाला मृत्युदंड दिला की त्याच कोर्टाने त्याची किंमत ठरवायची आणि ती मालकाला सरकारी पैशातून द्यायची. नुकसानीच्या भीतीने मालकांनी गुलामांना लपवू नये, हा त्यामागचा हिशेब.

तो किंमतीचा कागद तयार करणाऱ्या कारकुनाने रकमेचा आकडा नक्की दोनदा तपासला असेल. पैशाचं काम नाझराकडे, म्हणजे कोर्टाची रोकड सांभाळणाऱ्याकडे, जायचं असलं की आम्हीही तेच करतो.