तुम्ही विचारलंत म्हणून: १६८० मात्रांची सिंफनी

क्लासला मुलांना सोडायला आलेले पालक विचारतात, मैफलीनंतर चहा पिताना मित्र विचारतात, "सर, तुमची ती सिंफनी कधी ऐकायला मिळणार?" त्यामागे दुसरा प्रश्न असतोच: तबला शिकवणाऱ्याला सिंफनी कशाला? आजवर हसून वेळ मारून नेली. आज नीट सांगतो.

मी इचलकरंजीचा. वडिलांचे चार साधे माग होते आणि आमची झोपायची खोली शेडला लागूनच. चारही माग सारख्याच वेगाचे म्हणायचे, पण एकाचा पट्टा ढिला, एकाची मोटार जुनी. अंथरुणात पडून मी ती खटखट ऐकायचो. चार आवाज एकमेकांच्या मागेपुढे सरकत राहायचे आणि मध्येच कधीतरी चारही धोटे एकदम आपटायचे. एकच ठोका. मग पुन्हा पांगापांग. तो ठोका परत कधी येतोय याची वाट बघताबघता झोप लागायची.

पुढे तबल्यावर बसलो, सम कळली, म्हणजे तालाच्या फेऱ्यात परत परत येणारी पहिली मात्रा, आणि वाटलं, ही तर माझ्या ओळखीची आहे.

माझी सिंफनी त्या ठोक्यावर उभी आहे. वाद्यवृंदाचे चार गट. चेलो आणि डबल बास तीनतालात, म्हणजे एका फेऱ्यात, एका आवर्तनात, मोजणीचे १६ ठोके, १६ मात्रा. क्लॅरिनेट एकतालात, १२. व्हायोलिन झपतालात, १०. टिंपनी, म्हणजे वाद्यवृंदातले नगारे, रूपकात, ७. सगळे एकाच समेवरून निघतात आणि मात्रेचा वेग सगळ्यांचा एकच, सेकंदाला एक मात्रा. आता लसावि काढा: १६८०. चौघांची सम पुन्हा एकत्र यायला १६८० मात्रा, बरोबर २८ मिनिटं. हा आकडा पहिल्यांदा वहीत उतरला तेव्हा मी बराच वेळ नुसता बघत राहिलो. सिंफनीची लांबी मी ठरवलीच नाही, तालांनीच ठरवली. तेवढ्यात तीनतालाची १०५ आवर्तनं होतात, एकतालाची १४०, झपतालाची १६८ आणि रूपकाची २४०.

मधल्या भेटी मला शेवटच्या भेटीइतक्याच प्रिय आहेत. तीनताल आणि एकताल दर ४८ मात्रांनी भेटतात. तीनताल, एकताल, झपताल असे तिघे २४० मात्रांनी, म्हणजे दर चार मिनिटांनी. त्या वेळी रूपक मात्र तिसऱ्या मात्रेवर असतो. पुढच्या भेटीला पाचव्या, मग सातव्या, दुसऱ्या, चौथ्या, सहाव्या. सहा वेळा तिघे समेवर उभे आणि चौथा वाटेतच कुठेतरी. सातव्या खेपेला तो येतो.

हे धाडस मला ऑलिव्हिए मेसियाँ या फ्रेंच संगीतकारामुळे झालं. १५ जानेवारी १९४१ रोजी, ग्योर्लिट्सच्या जर्मन युद्धकैदी छावणीत, कैद्यांसमोर त्याचं काळाच्या अंतावरचं क्वार्टेट, म्हणजे चार वाद्यांची रचना, पहिल्यांदा वाजलं. पहिल्या भागात पियानोला १७ कालमूल्यांची, म्हणजे लहानमोठ्या कालावधींची, एक साखळी आणि २९ कॉर्डची, म्हणजे एकदम वाजणाऱ्या स्वरगटांची, दुसरी. दोन्ही मूळ संख्या, त्यामुळे दोन्ही साखळ्या पुन्हा एकत्र सुरू व्हायला ४९३ कॉर्ड लागतात. तो भाग त्याच्या खूप आधी संपतो. ती १७ कालमूल्यं कुठली? रागवर्धन, चंद्रकला आणि लक्ष्मीश या देशी तालांची, शार्ङ्गदेवाच्या 'संगीतरत्नाकर' या संस्कृत ग्रंथातली. आणि तेराव्या शतकात शार्ङ्गदेव होता आपल्या देवगिरीला, यादव राजा सिंघणाच्या पदरी, हिशेबखात्याचा अधिकारी म्हणून! त्याने नोंदवलेले १२० देशी ताल मेसियाँपर्यंत एका फ्रेंच संगीतकोशातून पोचले. मराठी मुलखात बसून कुणीतरी मात्रा मोजून ठेवल्या आणि त्या सातशे वर्षांनी काटेरी तारेच्या आत वाजल्या, हे मी प्रत्येक विद्यार्थ्याला सांगतो.

मेसियाँ श्रद्धाळू कॅथलिक. त्याच्या लेखी काळ संपतो आणि अनंत सुरू होतं, त्यामुळे त्या साखळ्यांची भेट संगीताच्या बाहेर राहिली तरी त्याचं अडत नाही. माझं अडतं. मला ती भेट ऐकायची आहे. आमच्याकडे काळ समेवर येतो आणि तिथूनच पुन्हा निघतो. २८ मिनिटं दूर असली तरी सम आवर्तनाच्या आतच हवी.

कधी ऐकवणार? वाद्यवृंद माझ्याजवळ नाही. गेल्या पावसाळ्यात चार विद्यार्थ्यांना नुसत्या टाळ्या द्यायला बसवलं आणि २४० मात्रा काढल्या. तिघे समेवर आले, रूपकवाली मुलगी ठरल्याप्रमाणे तिसऱ्या मात्रेवर. तिने विचारलं, "सर, मी चुकले का?" म्हटलं, "नाही बाळा, तू चालत राहा."

बाकीचं सगळं आलेखाच्या वहीत आहे. शेवटची सम लिहायला मला सर्वांत जास्त दिवस लागले. कारण रूपकाची सम 'खाली' असते, म्हणजे तिथे टाळी पडत नाही; लिहिताना बाकीच्या तालांच्या समेला फुली, हिला शून्य. टिंपनी इतका वेळ फक्त चौथ्या आणि सहाव्या मात्रेवर वाजत आलेली आहे. १६८० मात्रा सरतात, तीन गट एकदम समेवर येतात, टिंपनीही येते, आणि तिचा हात वरच राहतो. माग चालू असताना वीज गेली की शेडमध्ये जे ऐकू यायचं, ते मला तिथे हवं होतं. वहीच्या शेवटच्या रकान्यात तीन फुल्या आहेत आणि एक शून्य.