पडला, तर कॅमेरा चालू ठेवायचा?

टेक्ससमध्ये फिल्म शिकताना शेवटच्या वर्षाच्या डॉक्युमेंटरीसाठी मी रोडिओत, म्हणजे काउबॉयांच्या खेळांच्या स्पर्धेत, वळूवर बसणारी शाळकरी पोरं निवडली. शूटिंगआधी सर्वात जास्त वेळ गेला सह्या गोळा करण्यात. मुलं १८ च्या आतली, म्हणजे आईवडिलांचं संमतीपत्र. मैदानाच्या मालकाची परवानगी, विद्यापीठाला विम्याचा कागद, शिवाय 'मला काही झालं तर आयोजक जबाबदार नाहीत' असं माझं लेखी. एका आईने संमतीपत्रावर स्वतःच्या हाताने ओळ वाढवली: मुलगा पडून उठला नाही, तर कॅमेरा बंद. ती ओळ मी बाकीच्या घरांच्या कागदांवरही घातली.

मोठ्यांची सही एकदाच. मुलांना मात्र मी दर रोडिओला नव्याने विचारायचो. एक पोरगा कधी कधी सरळ 'आज नको' म्हणायचा. मग कुंपणाशी उभं राहून मटन बस्टिंग बघायचं: हेल्मेट घातलेली पाच-सहा वर्षांची चिल्लीपिल्ली मेंढीच्या लोकरीला चिकटलेली आणि सगळी गर्दी ओरडतेय. सुरुवात इथून होते. मेंढी, वासरू, बैल, मग वळू.

वळूवर आठ सेकंद टिकायचं. एका हाताने दोर धरायचा, मोकळा हात वळूला किंवा स्वतःला लागला की बाद. गुण १०० पैकी, त्यातले निम्मे वळूचे. तो नीट उसळला नाही तर टिकूनही हाती फार लागत नाही. म्हणून या मुलांना वळूंची कुळं तोंडपाठ. आमच्याकडे खेड-जुन्नरला बैलगाडा शर्यतीच्या घाटात पोरं बैलांविषयी बोलतात, तेच सगळं इथे इंग्रजीत.

सेकंदाला १२० फ्रेम्सने शूट करून नेहमीच्या २४ ने दाखवलं की आठ सेकंदांची चाळीस होतात. वर्गात सगळे खूश. मी ते शॉट्स वगळले. त्या गतीत पोराचं आपटणंसुद्धा नाचासारखं दिसायला लागतं. त्याऐवजी वळू सुटण्याआधीचं, गेटमागचं ठेवलं: दोराला राळ घासणारा हातमोजा, वरून दोर ताणणारे वडील.

मुलाच्या जॅकेटखाली माइक लावायला वडिलांनी साफ नकार दिला. १९८९ मध्ये वायोमिंगमधल्या शायेनच्या रोडिओत लेन फ्रॉस्ट हा नावाजलेला वळूस्वार वळूच्या धडकेने गेला, त्यानंतर ही संरक्षक जॅकेटं आली. त्यांच्याखाली टणक वस्तू कशाला? बरोबरच होतं. माइक वडिलांच्या कॉलरला गेला.

कच्चं संकलन सगळ्या घरांना दाखवलं. त्याच आईने एक शॉट काढून टाकायला सांगितला, पडण्याचा नव्हे, गेटमागे रडण्याचा. मुलगा म्हणाला, राहू दे. त्यांचं घरात बरंच वाजलं. शेवटी तोडगा निघाला: चेहरा नको, आवाज चालेल.

पण त्या आवाजामागे लाउडस्पीकरवरचं गाणं! रोडिओत गाणी थांबतच नाहीत, आणि हक्क विकत घेणं विद्यार्थ्याच्या खिशाबाहेरचं. वडिलांच्या कॉलरवरचा माइक जवळ होता म्हणून बोलणं वेगळं काढता आलं. खाली गुरांचे आणि लोखंडी गेटचे आवाज भरले, रिकाम्या मैदानात सकाळी रेकॉर्ड केलेले. महोत्सवाच्या अर्जात संगीताच्या हक्कांचा रकाना असतो. तिथे 'संगीत नाही' लिहून अर्ज पाठवलाय.