पुन्हा लावा!

डिसेंबरात शाळेचं गॅदरिंग संपलं की तोच हॉल एका रात्रीपुरता आमच्या चित्रपट मंडळाला मिळायचा. मुलांच्या नाचाच्या झिरमिळ्या तशाच लटकत असायच्या, त्यांच्यामागे आम्ही पडदा बांधायचो. एसटीनं आलेल्या पत्र्याच्या डब्यांची सुतळी प्रोजेक्टरवाले सर कधी कापत नसत, गाठ सोडवून खिशात ठेवत. वार्षिक मेळाव्यात मोठा सिनेमा शेवटी असे, पण माझा जीव आधीच्या लघुपटांत अडकलेला.

पुढे व्हीसीआर आल्यावर चेक दिग्दर्शक यान श्वांकमायर यांचा 1982 सालचा लघुपट पाहिला. टेबलावर मातीची दोन म्हातारी डोकी. एकाच्या तोंडातून ब्रश निघतो, दुसऱ्याच्या तोंडातून पेस्ट. ब्रशवर पेस्ट लागते. मग जोड्या चुकू लागतात, पेस्ट पेन्सिलीला फासली जाते, आणि शेवटी दोन्ही डोकी तडे जाऊन धापा टाकतात. केवढं हसलो होतो आम्ही!

पण मनात घर केलं ते कॅनडाच्या नॉर्मन मॅक्लॅरेन यांच्या 1952 सालच्या ‘नेबर्स’नं. जेमतेम आठ मिनिटं. दोन शेजारी खुर्च्या टाकून पेपर वाचताहेत, मधोमध एक फूल उमलतं. वासानं दोघं इतके खुळावतात की हवेत तरंगू लागतात. माणसं खरी, पण बाहुल्यांसारखी एकेक फ्रेम टिपलेली. नटानं उडी मारायची, तो वर असतानाच फ्रेम घ्यायची, की झाला तरंगता माणूस! आवाजही फिल्मच्या कडेला ओरखडे काढून तयार केलेला.

मग फूल कुणाच्या हद्दीत, यावरून जुंपते. कुंपणाच्या फळ्या उपटून हाणामारी होते तोवर पुढच्या रांगेतली पोरं खिदळत असत. तेवढ्यात ते एकमेकांच्या बायकोवर आणि तान्ह्या मुलावर उठतात. परदेशात हा प्रसंग काही काळ कापून दाखवत, आमच्या प्रिंटमध्ये तो होता. हसू तिथंच थिजायचं. फूल तर केव्हाच तुडवलं गेलेलं. याला ऑस्कर मिळालं ते माहितीपटाच्या विभागात, आणि मला त्यात काही वावगं वाटत नाही.

पहिल्या वर्षी दिवे लागले तेव्हा टाळ्या वाजल्याच नाहीत. कोपऱ्यात चहाचं पातेलं उकळत होतं, तेवढाच आवाज. मग मागून एक आजोबा म्हणाले, “सर, पुन्हा लावा.” सरांनी मान डोलावली आणि रीळ उलटं गुंडाळायला घेतलं.