तुम्ही विचारलंत म्हणून: माझ्या गाडीला कोणती रिम बसेल?

परवा भाच्याने विचारलं, "मामा, ही रिम पंधरा इंची आहे, माझीही पंधराचीच. चार नटांची आहे, माझ्या गाडीलाही चारच नट. घेऊन टाकू ना?" सोबत फोटो होता, समोरून काढलेला, लखलखीत. मी त्याला म्हटलं, उलटी कर आणि पाठीचा फोटो पाठव. तो जरा हिरमुसला. दिसायला सुंदर असते ती पुढची बाजू, आणि तुम्हा सगळ्यांकडूनही मला त्याच बाजूचे फोटो येतात. पण गाडीला काय बसेल याचं उत्तर आऱ्यांच्या मागे, धुळीने भरलेल्या त्या भागात कोरलेलं असतं.

मी गॅरेजवाला नाही. घरच्या गाड्यांची चाकं गेली पंचवीस वर्षं स्वतः काढतो, घालतो, मोजतो. हे वेड लागलं ते एका थरथरीमुळे.

माझ्या पहिल्या गाडीला मी वापरलेल्या अलॉय रिम घेतल्या होत्या. विकणाऱ्याने सांगितलं, "बसतात." आणि बसल्याही. नट आत गेले, घट्ट झाले, टायर कुठे घासला नाही. पण ताशी ८० च्या पुढे गेलं की स्टिअरिंग हातात थरथरायचं. बॅलन्सिंग केलं, पुन्हा केलं, तिसऱ्यांदा दुसरीकडे जाऊन केलं. मशीनवर चाक निर्दोष, गाडीवर तीच थरथर. पुढचे टायर मागे घातले, अलाइनमेंट झालं, टाय रॉडचे जोड तपासले. शेवटी एका वयस्कर मेकॅनिककाकांनी चाक उतरवलं, रिमच्या मधल्या भोकात बोट फिरवलं, मग हबच्या (चाक ज्यावर चढतं तो गाडीचा भाग) मधल्या गोल उंचवट्यावर फिरवलं आणि व्हर्नियर (बारीक मोजायची पट्टी) मागवला. हब ५४.१ मिलिमीटर, रिमचं भोक ६७.१. म्हणजे चाक हबला मधोमध टेकलेलंच नव्हतं, चहूबाजूंनी साडेसहा मिलिमीटर मोकळं होतं. काकांनी त्या फटीत बसणाऱ्या कड्या घातल्या, चाकं परत चढवली, आणि त्या संध्याकाळी मी शंभरच्या वेगाने दोन बोटांनी स्टिअरिंग धरून आलो.

आपण मराठीत दोन वेगळ्या गोष्टींना 'बसणं' म्हणतो. नट आट्यांत गेला की चाक बसलं म्हणतो. आणि चाकाचा मध्य गाडीच्या मध्यावर आला, भार जिथे जायला हवा तिथे गेला, तरी बसलं म्हणतो. विकणारा पहिल्या अर्थाने सांगत असतो. तुम्ही विचारायचं ते दुसऱ्या अर्थाने.

मधल्या भोकापासूनच सुरुवात करतो, कारण हेच माप सगळ्यात जास्त विसरलं जातं. नट आवळले की रिमची पाठ हबच्या सपाट तोंडावर दाबली जाते, आणि त्या दाबातून येणारं घर्षण चाकाला धरून ठेवतं. चाक मधोमध आणायचं काम मात्र बहुतेक गाड्यांत हबचा तो गोल उंचवटा करतो. बाजारात सुट्या मिळणाऱ्या रिमचं भोक मुद्दाम मोठं ठेवलेलं असतं, म्हणजे एकच रिम अनेक गाड्यांना लावता येते. हबची मापं ५४.१, ५७.१, ६०.१, ६६.६, ७२.६ अशी कंपनीगणिक बदलतात. उरलेली फट कडीने भरायची, बाहेरचा व्यास रिमचा, आतला हबचा, आणि माप दशांश मिलिमीटरपर्यंत जुळलेलं. कडी प्लॅस्टिकची चालते का, असं तुम्ही नेहमी विचारता. चालते, कारण एकदा नट आवळले की भार कडीवर नसतो. पण घाटात ब्रेक फार तापत असतील तर प्लॅस्टिक मऊ होतं, आणि अ‍ॅल्युमिनियमची कडी गंजून हबला चिकटू शकते. मी अ‍ॅल्युमिनियमची घेतो आणि वर्षातून एकदा काढून पुसतो. रिमचं भोक हबपेक्षा लहान असेल तर ती रिम सोडून द्या. लेथवर भोक वाढवून देणारे भेटतात, पण त्या जागी किती धातू काढला तर चालेल हे रिम बनवणाऱ्यालाच माहीत असतं.

आता पीसीडी, म्हणजे नटांच्या भोकांचे मध्य ज्या वर्तुळावर येतात त्याचा व्यास. ४×१०० म्हणजे चार भोकं, १०० मिलिमीटरचं वर्तुळ. चार भोकांत समोरासमोरच्या दोन भोकांचं अंतर मोजलं की झालं. भोकाचा मध्य डोळ्यांनी ठरवत बसू नका, एका भोकाच्या डाव्या कडेपासून दुसऱ्याच्या डाव्या कडेपर्यंत मोजा. पाच भोकांत बरोबर समोर भोक नसतं, म्हणून एक भोक सोडून पुढच्यापर्यंतचं अंतर घ्यायचं आणि त्याला १.०५१ ने गुणायचं. इथे कापडी टेप चालत नाही. ५×११२ आणि ५×११४.३ या दोन्ही मापांच्या रिम सर्रास दिसतात, आणि तुम्ही मोजत असलेल्या अंतरात दोघींचा फरक जेमतेम दोन मिलिमीटरचा असतो. (११४.३ हा विचित्र आकडा साडेचार इंचांचा आहे, म्हणून तो तसा.)

खरी भीती मला ९८ आणि १०० या जोडीची वाटते. १०० च्या हबवर ९८ ची रिम धरली तर प्रत्येक भोक फक्त एक मिलिमीटर आत येतं. नट जातो, पान्याने आवळला की घट्टही होतो. पण तो तिरका बसलेला असतो, बोल्ट वाकवलेला असतो आणि नटाची बैठक एकाच बाजूने टेकलेली असते. असा नट चालत्या गाडीत सैल होतो किंवा बोल्ट तुटतो. भाच्याच्या रिमच्या पाठीवर ४×९८ लिहिलेलं होतं. त्याची गाडी ४×१०० ची. तो सौदा तिथेच संपला.

ऑफसेटवर मात्र मी जरा रेंगाळणार आहे, कारण गाडीचं वागणं सगळ्यात जास्त यानेच बदलतं. रिमच्या रुंदीच्या बरोबर मधून एक रेघ कल्पून घ्या. हबला टेकणारं तोंड त्या रेघेपासून किती दूर आहे, तो ऑफसेट. रिमवर तो ईटी ४५, ईटी ३८ असा लिहिलेला असतो. ईटी हे त्याच्या जर्मन नावाचं संक्षिप्त रूप. आजच्या बहुतेक प्रवासी गाड्यांत हे तोंड रेघेच्या बाहेरच्या बाजूला असतं, म्हणून आकडा धन. आकडा कमी झाला की चाक तितकंच बाहेर येतं, वाढला की आत जातं.

गोंधळ होतो तो रुंदीही बदलल्यावर. समजा तुमची मूळ रिम साडेपाच जे, ईटी ४५ आहे (जे हे रिमच्या कडेच्या आकाराचं नाव, साडेपाच ही इंचातली रुंदी), आणि तुम्हाला आवडलेली साडेसहा जे, ईटी ३८. रुंदी एक इंचाने वाढली, म्हणजे दोन्ही बाजूंना १२.७ मिलिमीटर. त्यात ऑफसेटचे सात बाहेर ढकलणारे. बाहेरची कड १९.७ मिलिमीटर बाहेर आली, आतली ५.७ आत गेली. आता गाडीपाशी जाऊन बसा. बाहेर मडगार्डच्या आतल्या कडेपर्यंत किती जागा आहे, आणि आत सस्पेन्शनच्या नळकांड्यापर्यंत? आतली जागा बोटाच्या जाडीइतकीच असते कधीकधी. हे गणित कागदावर केल्याशिवाय मी कुणालाही हो म्हणत नाही.

आणि घासत नाही म्हणजे झालं, असंही नाही. चाक जितकं बाहेर, तितका बेअरिंगवरचा भार तिरका. स्टिअरिंग ज्या रेषेभोवती वळतं ती रेषा जमिनीला जिथे टेकते आणि टायरचा मध्य जिथे टेकतो, त्यातलं अंतर गाडी आखणाऱ्यांनी विचार करून ठेवलेलं असतं. ऑफसेट बदलला की ते बदलतं. मग खड्ड्यात एक चाक गेलं की स्टिअरिंग हाताला हिसका देतं, एका बाजूचा रस्ता निसरडा असताना ब्रेक दाबला की गाडी ओढते. चाक बाहेर आलेलं रुबाबदार दिसतं हे मला मान्य आहे. तरी मूळ ऑफसेटपासून पाच-सात मिलिमीटरपलीकडे मी स्वतः कधी गेलो नाही, आणि तुमच्याही गाडीला जाऊ नका असंच सांगेन.

ब्रेकची जागा कुठल्याच आकड्यात लिहिलेली नसते. पंधराची एक रिम कॅलिपरवरून (ब्रेकचे पॅड डिस्कवर दाबणारा भाग) सहज जाते, त्याच मापाची दुसरी आऱ्यांच्या आतल्या फुगवट्याने अडकते. मी कॅलिपरच्या सर्वांत बाहेर आलेल्या भागावर मळलेल्या कणकेसारखी मऊ माती चिकटवतो, रिम हलके नट लावून हाताने एकदा फिरवतो आणि काढून मातीची जाडी बघतो. तीन मिलिमीटर उरले तर माझं समाधान होतं. एक बारकावा सांगतो. सरकत्या कॅलिपरच्या गाड्यांत पॅड झिजत जातात तसं कॅलिपरचं बाहेरचं बोट आत सरकतं. म्हणून झिजलेल्या पॅडवर घेतलेलं माप खोटं समाधान देतं, नवे पॅड घातले की तेच बोट बाहेर येतं. आणि बॅलन्सिंगची चिकटवायची वजनं आतल्या बाजूला लागतात, त्यांचीही जाडी धरा.

नटांबद्दल लोक सर्वांत बेफिकीर असतात. नटाची रिमला टेकणारी बैठक तीन तऱ्हेची असते: शंकूसारखी, अर्धगोल, किंवा सपाट वायसरची. मूळ रिमला अर्धगोल बैठक असेल आणि नव्या रिमला शंकूची, तर जुना नट नव्या रिममध्ये एका बारीक कडेवर टेकतो. आवळताना घट्ट वाटतो आणि धातू दबला की सैल होतो. म्हणून रिम बदलताना नट नवे लागतील असंच धरून चाला. आटे १२ × १.५ आहेत, १२ × १.२५ की १४ × १.५ (बोल्टची जाडी आणि दोन आट्यांमधलं अंतर, मिलिमीटरमध्ये), तेही बघा, आणि आट्यांत नट निदान बोल्टच्या जाडीइतका तरी आत गेला पाहिजे. १२ च्या बोल्टला, दीडच्या आट्यांत, म्हणजे आठ पूर्ण फेरे. हाताने फिरवत मोजा.

टायरचा हिशेब त्या मानाने सोपा. रिम एक इंच मोठी घेतली तर टायरची भिंत वरची-खालची मिळून तेवढी कमी व्हायला हवी, म्हणजे एकूण उंची तीच राहते. १८५/६५ आर १५ (रुंदी मिलिमीटरमध्ये, भिंत रुंदीच्या किती टक्के, रिम किती इंची) चा व्यास ६२१.५ मिलिमीटर, १९५/५५ आर १६ चा ६२०.९. स्पीडोमीटरला फरक कळणारही नाही. पण भिंत कमी म्हणजे खड्ड्याचा मार थेट रिमला, हे लक्षात ठेवून ठरवा. वजन पेलण्याची क्षमताही रिमच्या पाठीवर किलोत असते. गाडीच्या पाटीवरचा त्या आसाचा कमाल भार अर्धा करा, रिमचा आकडा त्याहून कमी नको. तिथेच जेडब्ल्यूएल या जपानी मानकाची किंवा संयुक्त राष्ट्रांच्या १२४ क्रमांकाच्या नियमाची खूण दिसली तर चांगलं. जिच्या पाठीवर काहीच लिहिलेलं नाही अशी रिम मी फुकट मिळाली तरी घेत नाही. वेल्डिंग केलेलीही नाही. अ‍ॅल्युमिनियमच्या बऱ्याच रिमना उष्णतेची प्रक्रिया करून ताकद आणलेली असते आणि वेल्डिंगच्या धगीने ती नेमकी त्याच जागी कमी होते.

बसवायच्या दिवशी हबचं तोंड तारेच्या ब्रशने घासून गंज काढा. चाक हवेत असताना नट हाताने लावा, समोरासमोरचे आळीपाळीने आवळत जा, मग गाडी खाली घेऊन गाडीच्या पुस्तकात दिलेल्या टॉर्कवर (आवळण्याच्या जोरावर) शेवटचं आवळणं करा. स्टिअरिंग या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवा. मागे तीन जणांना बसवून एका गतिरोधकावरून हळू जा आणि कान द्या. ५० ते १०० किलोमीटर झाले की नट पुन्हा तपासा.

आणि स्टेपनी. ती अजून जुनीच, स्टीलची आहे ना? तिला नवे नट चालतीलच असं नाही, म्हणून जुने चार नट फेकू नका. मी ते कापडी पिशवीत घालून स्टेपनीच्या मध्येच ठेवतो. पिशवीत एक चिठ्ठीही आहे, माझ्या हातची: "आधी हबवरची कडी काढ." चाक उतरवताना कडी कधीकधी हबवरच अडकून राहते, आणि ती तिथे असेपर्यंत स्टीलचं चाक हबवर चढत नाही. पावसात, रात्री, रस्त्याच्या कडेला हे आठवत नाही. भाच्यासाठीही तशीच एक पिशवी शिवून ठेवली आहे. त्याला ४×१०० च्या, ईटी ४३ च्या रिम मिळाल्या आहेत. या वेळी फोटो पाठीचा आला.