वडगावातले काळतंतू

सध्या एक विज्ञानकथा लिहायला घेतलीय, तिच्यात काळतंतू नावाचं एक काल्पनिक शास्त्र आहे, म्हणजे ऊर्जेचे बारीक धागे असतात आणि ते जिथनं जातात तिथला वेळ विस्कटतो. जागा आपलं बेळगावचं वडगाव. पावरलूमच्या त्या खडखडाटात काळ जरा मागं-पुढं झाला तरी कुणाला पत्ता लागणार नाही हो.

पण असल्या कथांत गूढ ऊर्जा म्हटलं की लेखकाला सगळं माफ असतं, हिरो अडकला की धागा चमकतो आणि काम होऊन जातं, ते मला अजिबात पटत नाही. शास्त्र खोटं असलं तरी त्याला काय जमत नाही हे आधी ठरलं पाहिजे. म्हणून नियम मी खऱ्या फिजिक्समधनं उचललेत.

तिथं कॉस्मिक स्ट्रिंग नावाची कल्पना आहे, टॉम किबल यांनी १९७६ मध्ये मांडलेली. विश्व सुरुवातीला थंड होत जाताना त्यात अशा काही रेघा राहून गेल्या असतील, प्रोटॉनपेक्षा कितीतरी बारीक, पण काही हिशोबांप्रमाणं थोडे किलोमीटर धागा घेतला तर वजन अख्ख्या पृथ्वीएवढं! अजून कुणाला सापडलेली नाही. मधे एकाच दीर्घिकेच्या दोन प्रतिमा दिसल्या, मधल्या स्ट्रिंगमुळंच एकीच्या दोन दिसत असणार म्हणून लोक खूश झाले होते, पण हबल दुर्बिणीनं नीट बघितलं तर त्या दोन वेगळ्याच दीर्घिका निघाल्या.

आता मजा बघा, एवढं वजन असूनसुद्धा सरळ, स्थिर धागा शेजारच्या वस्तूला ओढत नाही, तिथलं घड्याळही हळू होत नाही, फक्त भोवतालच्या जागेतली एक पातळ पाचर गायब होते, म्हणजे धाग्याभोवती पूर्ण चक्कर मारली तरी ३६० अंश भरत नाहीत. वेळेचा घोळ व्हायला दोन धागे लागतात. रिचर्ड गॉट यांनी १९९१ मध्ये दाखवलं की अनंत लांबीचे दोन धागे जवळजवळ प्रकाशाच्या वेगानं एकमेकांच्या बाजूनं उलट दिशेला गेले, तर त्या दोघांना वळसा घालून, आपण निघालो त्याच्या आधीच परत पोचता येतं, निदान गणितात तरी. पुढच्याच वर्षी हॉकिंग म्हणाले की निसर्ग असलं काही होऊच देत नसणार.

हे सगळं मामाला सांगत होतो, मामाचे स्वतःचे माग आहेत. ताण्यातला एक धागा तुटला म्हणून त्यानं माग थांबवला, दोन्ही टोकं चिमटीत धरली, थुंकी लावून पीळ दिला आणि माझ्याकडं न बघताच म्हणाला, "तुझा धागा तुटला तर गाठ कोण मारतंय रे?"

लई भारी प्रश्न. कॉस्मिक स्ट्रिंगला मुळात मोकळं टोकच नसतं, एकतर अनंत लांब नाहीतर बंद वेटोळं. दोन एकमेकींवर आपटल्या की तिथं तुटतात आणि त्याच क्षणी तुकड्यांची अदलाबदल होऊन जोडल्याही जातात, आणि त्यातनं वेटोळी सुटतात, ती थरथरत गुरुत्वलहरी, म्हणजे अवकाशातच उठणाऱ्या लाटा, सोडतात आणि आटत जातात. २०२३ मध्ये पल्सारच्या, म्हणजे घड्याळासारखे नियमित रेडिओ ठोके देणाऱ्या ताऱ्यांच्या, टायमिंगमधनं फार लांब गुरुत्वलहरींच्या खुणा मिळाल्या, त्यात नारायणगावजवळच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीचा डेटाही होता. त्या महाकाय कृष्णविवरांच्या जोड्यांमुळं असाव्यात असं बहुतेकांना वाटतंय, पण स्ट्रिंगवाल्यांनी आशा सोडलेली नाही. मी मात्र वेटोळं आटणं उचललं, त्यामुळं कथेतला घोळ आपोआप संपतो, कुणी जगाला वाचवायची गरजच नाही.

मित्राला हे सांगितलं तर त्याचं भलतंच. "मग हिरोला १ नोव्हेंबर १९५६ च्या आधी सोड की, एकदाचा बॉर्डरचा निकाल लागू दे!" त्या दिवशी बेळगाव म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेलं, त्यामुळं हे इथं कुणालाही सुचणारच म्हणा. पण माझा सगळ्यात कडक नियम तोच आहे, धागे एकमेकांजवळनं गेले त्या क्षणाच्या आधी कुणालाही जाता येत नाही. मित्र म्हणतो, मग काय उपयोग तुझ्या शास्त्राचा.

उपयोग आहे की. कथेतली बाई पावरलूम चालवते आणि एका व्यापाऱ्यानं तिच्या साड्या उधारीवर नेऊन पोबारा केलाय. धागे येतात शुक्रवारी संध्याकाळी, लाईट गेल्यावर. म्हणजे तिला फार तर त्या संध्याकाळपर्यंत मागं जाता येईल, आणि व्यापाऱ्याचा टेम्पो वडगावातनं दुपारी हलला की रात्री, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.